पंचविसावी खेप

भयकथेचा आरंभ कसा होतो याविषयी मराठीत पुष्कळ लिहिले गेले आहे. पडका वाडा, अमावास्येची रात्र, वेशीबाहेरचा पिंपळ, कर्र वाजणारे दार या सामग्रीची नोंदही झाली आहे आणि टिंगलही पुरेशी झाली आहे. भयकथा संपते कशी, आणि तिच्या शेवटापर्यंत पोचतो कोण, हा प्रश्न मात्र आपल्या समीक्षेने क्वचितच विचारला. शोकांतिकेच्या शेवटावर आपण वर्गात तासच्या तास खर्च करतो. भयकथेच्या वाट्याला तो मान येत नाही, कारण ती आपल्याकडे 'रंजनपर' या खात्यात जमा आहे आणि त्या खात्याचा हिशेब कोणी तपासत नाही. या लेखात आम्ही त्या शेवटाचा थोडा इतिहास मांडू पाहत आहोत. त्यासाठी दोन टोके एकत्र बांधावी लागतील. एक टोक पैठणच्या स्मशानात आहे. दुसरे, चौघापाचांनी मिळून खेळायच्या एका भयप्रधान संगणक-खेळात. जोडी विजोड वाटेल, पण वाचकांनी थोडा धीर धरावा अशी विनंती आहे.

आधी पैठणचे टोक. सोमदेवाच्या 'कथासरित्सागरा'त, शशांकवती लंबकात, वेताळाच्या कथांची जी माळ येते तिचा नायक उज्जैनीचा विक्रम नाही. तो गोदावरीकाठच्या प्रतिष्ठान नगरीचा राजा त्रिविक्रमसेन आहे. उज्जैन आणि विक्रमादित्य हे पुढच्या आवृत्त्यांचे देणे. म्हणजे भारतीय भयकथेतली सर्वांत प्रसिद्ध रात्र, निदान सोमदेवाच्या पाठापुरती, मराठी मुलखात घडते, ही गोष्ट आपल्या वाङ्मयेतिहासाने जरा अधिक अभिमानाने सांगायला हरकत नव्हती. वेताळकथा गुणाढ्याच्या मूळ 'बृहत्कथे'त होत्या की काश्मिरी परंपरेत मागाहून मिसळल्या, याविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. आम्ही त्या वादात शिरत नाही. पण गुणाढ्याची दंतकथाही पैठणच्याच सातवाहन राजाची, आणि ती इथे आठवल्यावाचून राहवत नाही. पैजेत हरल्यामुळे संस्कृत, प्राकृत आणि देशभाषा या तिन्हींचा त्याग केलेला हा पंडित पिशाचांच्या भाषेत, स्वतःच्या रक्ताने, सात लक्ष श्लोक लिहितो. राजा ते नाकारतो. मग गुणाढ्य रानात अग्नी पेटवून एकेक पान मोठ्याने वाचतो आणि आगीत टाकतो, आणि भोवती उभी असलेली जनावरे चरायचे विसरून, डोळ्यांतून पाणी गाळीत ऐकत राहतात. राजा भानावर येऊन धावतो तोवर सहा लक्ष श्लोक जळून गेलेले असतात. भुतांच्या भाषेतल्या कथेला लाभलेला हा पहिला श्रोतृवर्ग. तो एकटा नव्हता, घोळक्याने होता, एवढे लक्षात ठेवून पुढे जाऊ.

त्रिविक्रमसेनाची रात्र वाचकांना ठाऊकच आहे, तरी तिचे नियम पुन्हा नीट पाहण्यासारखे आहेत. क्षांतिशील नावाचा भिक्षू वर्षानुवर्षे दरबारात येऊन राजाला एक फळ देतो. एके दिवशी माकडाच्या हातून फळ फुटते आणि आतून रत्न पडते. राजा ऋणात सापडतो. भिक्षू सांगतो, कृष्ण चतुर्दशीच्या रात्री स्मशानात ये, दूरच्या शिसवीच्या झाडावर लटकलेले प्रेत खांद्यावर घालून माझ्याकडे आण. प्रेतात वेताळ आहे. तो वाटेत गोष्ट सांगतो, शेवटी प्रश्न विचारतो. उत्तर ठाऊक असून गप्प बसशील तर डोक्याची शकले होतील अशी तंबी देतो. आणि राजा बोलला रे बोलला की प्रेत झाडाकडे परत. पुन्हा तेच अंतर, तेच झाड, तेच ओझे.

या नियमांतली क्रूर गंमत अशी की इथे बरोबर उत्तर हीच चूक आहे. राजा चुकत नाही म्हणून तर त्याची खेप वाया जाते. तो जितका न्यायी, जितका बहुश्रुत, तितका शेवट लांब. चोवीस वेळा अशी फेरी होते, आणि तेविसाव्या उत्तरापर्यंत राजाच्या मनात एकदाही असे येत नाही की आपण अडाणीपणाचे सोंग घ्यावे. सोंग घेतले तर डोके फुटणार हे खरे. पण कथा वाचताना आपल्याला जाणवते ते भय नव्हे, राजाचा स्वभाव जाणवतो. विचारलेल्या प्रश्नाला ठाऊक असलेले उत्तर द्यायचे, एवढेच त्याला येते.

शेवटचे कोडे मात्र निराळे आहे. रानातल्या वाटेवर दोन स्त्रियांची पावले उमटलेली असतात, एक जोडी मोठी, एक लहान. ती पाहून एक बाप आणि त्याचा मुलगा आपसांत ठरवतात की मोठ्या पावलांची ती बापाची, लहान पावलांची ती मुलाची. गाठ पडते तेव्हा कळते की मोठी पावले मुलीची आहेत आणि लहान आईची. शब्द दिलेला असतो, तो पाळला जातो. आता या दोन जोडप्यांना झालेली मुले एकमेकांची कोण? राजा विचार करतो आणि गप्प राहतो. ज्या भाषेत आत्या, मावशी, मामी, काकू, नणंद, जाऊ, भावजय, विहीण असे एकेका नात्याला स्वतंत्र घर आहे, त्या भाषेच्या वाचकाला या मौनाचे वजन सहज कळावे. सगळी घरे एकदम कोसळली आहेत आणि कोणाला कोणत्या नावाने हाक मारायची ते राजाला कळत नाही. त्याचे हे गप्प बसणे डावपेच म्हणून आलेले नाही. त्याला खरेच येत नाही.

आणि इथे कथेचा शेवट उघडतो. प्रेत परत जात नाही. खांद्यावरचा वेताळच राजाला म्हणतो की ज्याच्यासाठी तू हे ओझे वाहतो आहेस तो तुझाच बळी देणार आहे. साष्टांग नमस्कार घाल असे तो सांगेल. तू म्हण, राजाला कोणापुढे लोटांगण घालायची सवय नसते, आधी तू करून दाखव. तसेच होते. भिक्षू वाकतो, राजा त्याचे मस्तक उडवतो. भिक्षूला हवे असलेले विद्याधरांचे स्वामित्व राजाच्या वाट्याला येते. आणि वर म्हणून राजा काय मागतो? या चोवीस गोष्टी आणि हा पंचविसावा शेवट जगात पूज्य व्हावा. वेताळ तथास्तु म्हणतो आणि भर घालतो की जिथे ही कथा सांगितली जाईल तिथे यक्ष, वेताळ, डाकिनी, राक्षस यांची मात्रा चालणार नाही.

भयकथेच्या इतिहासात हा शेवट विलक्षण मानला पाहिजे. भुताचा नायनाट झालेला नाही. माणूस आणि भूत यांनी मिळून एका माणसाचा बेत उधळला आहे. रात्रभर ज्याचा भार वाहिला तोच सोबती ठरला, आणि भयाचे खरे ठिकाण प्रेतात नसून पाटावर मांडलेल्या पूजेत होते. कोकणात आणि गोव्यात वेताळ हा गावराखण्या देव आहे, रात्री तो शीव फिरतो आणि त्याच्या पायताणांची झीज होते म्हणून त्याला नव्या वहाणा वाहतात. ही श्रद्धा सोमदेवाच्या शेवटाला अधिक जवळची आहे. आपल्या शहरी कल्पनेतला झाडावरून दात विचकणारा वेताळ त्याच्या पहिल्या पानाशीच थांबलेला आहे.

पहिल्या पानाशी थांबण्याचाही एक इतिहास आहे. सोमदेवाने हा ग्रंथ अकराव्या शतकात काश्मीरच्या राणी सूर्यमतीच्या मनोविनोदासाठी रचला, म्हणजे ऐकणारी एक होती आणि तिला शेवट ऐकायला मिळाला. १८३० साली सदाशिव काशीनाथ छत्रे यांनी 'वेताळपंचविशी' मराठी गद्यात आणली. अव्वल इंग्रजीतल्या त्या थोड्या पुस्तकांत तिला वाचक मिळाले. १८७० मध्ये रिचर्ड बर्टनने इंग्रजी वाचकांसाठी ती सांगताना अकराच गोष्टी ठेवल्या, राजाला लवकर गप्प केले. पुढे 'चांदोबा' आला. के. सी. शिवशंकरन यांनी काढलेले ते चित्र आमच्या पिढीच्या डोळ्यांसमोरून हलत नाही: हातात तलवार, खांद्यावर प्रेत, मागे कवट्या आणि वाकडी झाडे. त्या मालिकेत शेकडो गोष्टी आल्या, जुन्या पंचविसांशी संबंध नसलेल्या. दर महिन्याला राजा उत्तर देई, दर महिन्याला वेताळ झाडावर जाई. पंचविसावी खेप मासिकात कधी आली नाही. येणे परवडणारेही नव्हते. १९८५ मध्ये दूरदर्शनवर रामानंद सागरांची 'विक्रम और बेताल' आली, तेव्हा आमच्यापैकी काही बालवाडीत होते, काही नुकते वाचू लागले होते. आज वर्गात विचारले तर वेताळ 'तू बोललास' म्हणून उडून जातो हे झाडून सगळ्यांना माहीत असते. भिक्षूचे काय झाले, हे शंभरात पाचांना. एका कथेचा शेवट एका संस्कृतीच्या स्मरणातून असा बेमालूम गळून जावा, याचे आम्हांला नवल वाटते. नियम राहिला, फेरी राहिली, ओझे राहिले. कशासाठी चाललो होतो तेवढे गेले.

विसाव्या शतकातल्या मराठी भयकथेने दुसराच रस्ता धरला. अनंत अंतरकरांच्या 'नवल'सारख्या मासिकांनी या वाङ्मयाला घर दिले आणि नारायण धारप (१९२५–२००८) यांनी त्याला कुटुंब दिले, असे म्हणता येईल. धारपांच्या समर्थकथांत एक ज्ञानी पुरुष आहे आणि त्याच्या सोबतीला अप्पा जोशी हा साधा, आपल्यासारखा माणूस. अनिष्टाशी झगडताना दोघांचे काम वाटलेले असते. समर्थांना कळते, अप्पांना भीती वाटते. आणि अप्पांना वाटणारी भीती हीच आपली गोष्टीत शिरायची वाट असते. शेवटी घर निर्धास्त होते. धारपांची 'शपथ' तर या विषयाच्या दृष्टीने फारच महत्त्वाची आहे. स्टीफन किंगच्या 'इट' (१९८६) या कादंबरीचा सांगाडा घेऊन ती उभी आहे: बालपणी मिळून एका दुष्ट शक्तीला तोंड दिलेली मुले मोठेपणी, दिलेल्या शब्दाखातर, पुन्हा एकत्र येतात. एकट्याने हे होणार नाही, हे त्या कथेचे पहिले गृहीतक आहे. रत्नाकर मतकरींनी (१९३८–२०२०) आपल्या कथांना 'गूढकथा' म्हटले आणि शेवटाचे काम पालटून टाकले. 'खेकडा'सारख्या कथेत शेवट निर्धास्त करत नाही, तो पायाखालची फळी काढून घेतो. दोघांत डावे-उजवे करण्याचा आमचा विचार नाही. आमच्यापैकी एकाला धारपांची सुरक्षितता सोपी वाटते, दुसरीला मतकरींचा धक्का दुसऱ्या वाचनात उरत नाही असे वाटते, आणि हा वाद स्टाफरूममध्ये चहाबरोबर कैक वर्षे चालू आहे.

पण एक गोष्ट दोघांनाही लागू आहे. कथेतली माणसे जोडीने, चमूने भयाला सामोरी जातात. वाचक मात्र एकटा आहे. वाचनालयातून आणलेले, पाठकोऱ्या कागदाचे वेष्टन घातलेले पुस्तक, रात्रीचा दिवा, घरातले सगळे झोपलेले. फार भीती वाटली तर शेवटचे पान उलटून पाहायची सोय त्याच्या हातात होती, आणि ती किती जणांनी वापरली असेल ते सांगायला नको. गुणाढ्याच्या आगीभोवतीचा घोळका पांगला होता. अपवाद घडत ते तोंडी सांगण्यात. राही अनिल बर्वे यांच्या 'तुंबाड' (२०१८) या चित्रपटाचे बीज अशाच एका सांगण्यात आहे. १९९३ मध्ये आमच्याच विदर्भातल्या नागझिऱ्याच्या अभयारण्यात एका मित्राने त्यांना धारपांची गोष्ट सांगितली. ती गोष्ट 'आजी', आणि तिचे मूळ पुन्हा किंगच्याच एका कथेत. अमेरिकेतल्या छापील पानावरून पुण्याच्या लेखणीत, तिथून गोंदिया-भंडाऱ्याच्या रानातल्या तोंडी रात्रीत, आणि पंचवीस वर्षांनी हिंदी पडद्यावर, पेंडशांच्या 'तुंबाडचे खोत' (१९८७) मुळे मराठी वाचकाच्या ओळखीच्या झालेल्या गावाचे नाव घेऊन. भयकथा कशी प्रवास करते याचे याहून चांगले उदाहरण आम्हांला तरी ठाऊक नाही.

आता दुसरे टोक. संगणक-खेळांत भय पुष्कळ जुने आहे, पण ते बराच काळ एकट्याचे होते, पुस्तकासारखेच. मिळून भोगायच्या भयाला ठळक रूप दिले ते २००८ च्या नोव्हेंबरात आलेल्या 'लेफ्ट फोर डेड' या खेळाने. चार माणसे, मृतांनी भरलेले शहर, शेवटी हॉस्पिटलच्या गच्चीवर येणारे हेलिकॉप्टर. त्यातली श्वापदे अशी रचलेली आहेत की एकट्याला धरले तर सुटका दुसऱ्यानेच करायची. स्वतःला स्वतः सोडवता येत नाही. खेळाच्या आत 'डिरेक्टर' नावाची एक यंत्रणा आहे. ती खेळणाऱ्यांचा ताण मोजते आणि संकटे कमीजास्त करते, त्यामुळे तोच रस्ता दुसऱ्यांदा तोच राहत नाही. आणि शेवटी चित्रपटासारखी श्रेयनामावली येते. जो गच्चीवर पोचला नाही, त्याचे नाव तिथे 'यांच्या स्मरणार्थ' म्हणून झळकते. आपला मित्र शेजारच्या खुर्चीवर जिवंत बसलेला असताना त्याचे नाव असे वाचणे ही एक चमत्कारिक अनुभूती आहे. हसू येते, पण त्या हसण्यात थोडे ओशाळेपणही असते, कारण दरवाजा लागण्यापूर्वी मागे वळून पाहिले नाही हे सगळ्यांना माहीत असते.

२०२० मध्ये आलेल्या 'फास्मोफोबिया'ने शेवटच काढून टाकला. चौघे जण झपाटलेल्या घरात शिरतात, पुरावे गोळा करतात, भूत कोणत्या जातीचे ते ठरवतात आणि गाडीत बसून निघून जातात. भूत तिथेच राहते. दुसऱ्या रात्री दुसरे घर. हा आमच्या मते 'चांदोबा'चा वेताळ आहे: फेरी आहे, खेप आहे, भिक्षू नाही.

यांच्या मध्ये उभा असलेला खेळ म्हणजे 'द फॉरेस्ट'. तो २०१४ मध्ये अपुऱ्या रूपात बाजारात आला आणि ३० एप्रिल २०१८ रोजी पुरा झाला, म्हणजे खेळणारे चार वर्षे शेवट नसलेल्या रानात वावरत होते. विमान कोसळते, एरिक नावाच्या बापाच्या डोळ्यांदेखत त्याच्या लहान मुलाला, टिमीला, कोणी उचलून नेतो. रानात नरभक्षक आहेत, गुहांत त्याहून वाईट काही. संगणकावर आठ जणांपर्यंत मिळून हा खेळ खेळता येतो. दिवसा लाकूड तोडायचे, कुंपण घालायचे, रात्री ते राखायचे. नागपूरच्या पश्चिमेला, अमरावती रस्त्यावर, ट्रान्सपोर्टची गोदामे आणि ट्रकांच्या रांगा यांच्यामध्ये वाडी हे गाव वसले आहे. तिथल्या भाड्याच्या खोल्यांत आमचे काही विद्यार्थी राहतात, आणि त्यांच्यातल्या चौघांनी हा खेळ पावसाळ्याचे दोन महिने खेळून शेवटापर्यंत नेला. लोकसाहित्याच्या तासाला 'चकवा' शिकवताना त्यांच्यातल्या एकाने मध्येच सांगितले, म्हणून ते आम्हांला कळले. चकवा लागलेला माणूस रात्रभर त्याच जागेभोवती फिरतो आणि उजाडल्यावर त्याला वाट दिसते. तो म्हणाला, आमच्या गुहेत उजाडतच नाही, सर.

शेवट असा आहे. जमिनीखालच्या प्रयोगशाळेत एरिकला टिमी सापडतो, मेलेला. मुलाला पळवणाऱ्या शास्त्रज्ञाने स्वतःची मेलेली मुलगी परत आणण्यासाठी त्याचा बळी दिलेला असतो. एक प्राचीन यंत्र आहे. ते मेलेल्याला उठवते, पण त्याला जिवंत मूल द्यावे लागते. आता एरिकसमोर दुसरे यंत्र आहे. ते चालवले तर वरून जाणारे आणखी एक विमान कोसळेल, त्यात कोणाचे तरी मूल असेल, आणि टिमी परत येईल. किंवा यंत्र बंद करायचे, आणि मुलाशिवाय उरलेला जन्म त्याच रानात काढायचा. खेळाने दोन्ही वाटा ठेवल्या आहेत. ज्याचा सूड घ्यायला इतके उतरलो त्याच्याच जागी उभे राहायचे की नाही, एवढाच प्रश्न उरतो.

त्या चौघांचे तिथे बिनसले. त्यांच्याच शब्दांत सांगायचे तर, "इतके दिवस संगं मेलो, संगं जगलो, अन् भांडलो ते एका बटनावरून." दोघांचे म्हणणे, खेळ पोरासाठी सुरू केला, पोरगा घेऊनच जायचे, विमानातली माणसे खरी थोडीच आहेत! तिसऱ्याचे म्हणणे, मग टिमी तरी कुठे खरा आहे? चौथी विद्यार्थिनी. ती बहिणीच्या घरून, हेडफोन लावून खेळत असे. तिने एवढेच विचारले, की वर येणाऱ्या विमानात आपल्यासारखाच कोणी बाप असेल, तो खाली पडल्यावर काय करेल? याला कोणी उत्तर दिले नाही. यूट्यूबवर दोन्ही शेवट पाहायला मिळतात, आणि चौघांनीही ते आधीच पाहिलेले होते. तरी भांडण झाले. कादंबरीचा शेवट गाईडमधून वाचणारी ही मुले (आम्ही त्यांना दोष देत नाही, गाईडे आमच्याच व्यवसायबंधूंनी लिहिलेली असतात) इथे मात्र शेवट माहीत असणे आणि शेवटाला पोचणे यांत फरक करत होती. तो फरक आम्ही इतकी वर्षे खडूने फळ्यावर समजावतो आहोत.

आम्हांला त्या वेळी क्षांतिशील आठवला. सिद्धीसाठी दुसऱ्याचे मस्तक हवे असणे, ही गोष्ट 'द फॉरेस्ट'च्या कर्त्यांनी पैठणच्या भिक्षूकडून घेतलेली नाही हे उघड आहे. जगभर ती सापडते. 'तुंबाड'मध्येही तिचीच सावली आहे. बाप आणि मुलगा मिळून देवीच्या उदरात उतरतात, लोभाची वाटणी करतात, आणि शेवटी शापित झालेला बाप जे हाती आलेले देऊ करतो ते मुलगा नाकारतो. पण आमच्या भागात या विषयाला कथेच्या बाहेरचाही पत्ता आहे. श्याम मानव यांनी १९८२ मध्ये अखिल भारतीय अंधश्रद्धा निर्मूलन समिती स्थापन केली ती नागपुरात. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा खून झाला, आणि त्यानंतर त्याच वर्षी महाराष्ट्रात जो कायदा आला त्याच्या लांबलचक नावात 'महाराष्ट्र'नंतर येणारा पहिला शब्द 'नरबळी' हा आहे. कायद्याच्या शीर्षकात हा शब्द एकविसाव्या शतकात घालावा लागतो, तेव्हा भयकथा शिकवणाऱ्याने 'ही तर निव्वळ करमणूक' असे म्हणून हात झटकणे आम्हांला बरे वाटत नाही. उलट टोकाचीही एक चूक आहे. भुतांच्या गोष्टींनी अंधश्रद्धा वाढते, सबब त्या नकोत, असे सांगणारे सद्‌हेतू लोक आम्हांला भेटतात. त्यांनी सोमदेवाची पंचविसावी खेप वाचावी. तिथे भूत राजाला नरबळीपासून वाचवते.

खरे तर अशा शेवटाची सर्वांत जुनी भारतीय कसोटी महाभारतातच आहे, आणि तिला भयकथा म्हणायचे धाडस आम्ही या निमित्ताने करतो. महाप्रस्थानात युधिष्ठिर मागे न वळता चालत राहतो. द्रौपदी पडते, सहदेव, नकुल, अर्जुन, भीम पडतात. तो प्रत्येकाचा दोष सांगतो आणि पुढे जातो. आमच्या विद्यार्थ्यांच्या भाषेत हा सगळ्यांत वाईट सहखेळाडू. सोबत उरतो तो कुत्रा, आणि त्याला टाकून स्वर्गात यायला तो नकार देतो, हे सर्वांना ठाऊक आहे. स्वर्गारोहणपर्वातले पुढचे दृश्य वर्गात फारसे वाचले जात नाही. स्वर्गात दुर्योधन सिंहासनावर दिसतो, भाऊ दिसत नाहीत. देवदूत युधिष्ठिराला एका वाटेने नेतो. अंधार, दुर्गंध, सडलेली प्रेते, किडे, केस आणि मांस यांचा चिखल. व्यासांनी इथे हात राखून लिहिलेले नाही. युधिष्ठिराला भोवळ येते, तो परत फिरतो. तेवढ्यात अंधारातून आवाज येतात: थोडा थांब, तू आल्याने आम्हांला गार वारा लागतो आहे. कोण तुम्ही, असे तो विचारतो. मी कर्ण, मी भीम, मी अर्जुन, मी द्रौपदी.

पुढे इंद्र येतो, अंधार नाहीसा होतो, ही सगळी माया होती असे सांगितले जाते, आणि पुष्कळ वाचक त्या खुलाशापाशी सुस्कारा सोडतात. आमचे लक्ष त्याच्या आधीच्या ओळींकडे जाते. खुलासा अजून झालेला नाही. दुर्गंध खरा आहे, आवाज खरे आहेत, परतीची वाट मोकळी आहे. हिमालयात एकदाही मागे न पाहिलेला हा माणूस दूताला म्हणतो, तू ज्यांचा आहेस त्यांच्याकडे जा आणि त्यांना सांग की मी येत नाही. दूत जातो. युधिष्ठिर काळोखात भावांजवळ थांबतो.